पिवळा पांगुळगाडा

उन्हाळा त्या वर्षी असा तापला की डोंगरातल्या झाडांवरची लाख फांदीवरच जळून गेली. दरवर्षी पाठीवर पोतं घेऊन येणारा लाखवाला हात हलवत आला. ओसरीवर बसून गटागटा पाणी प्यायला, तोंड पुसलं आणि म्हणाला, "लाखेचा किडाच मेला, बाबा. फांदी हातात घेतली तर कोळशासारखी मोडते. यंदा माझ्या भरवशावर राहू नका."

लेथवर अर्धवट कातलेला खुळखुळा होता, तो आबांनी बोटानं उगीच फिरवला.

घर चौघांचं. आबा लाकूड कातून खेळणी करायचे, म्हणून आजूबाजूच्या गावांत त्यांना सगळे कातारी म्हणूनच ओळखायचे. मुलगा आठवडी बाजारांतून माल विकायचा आणि येताना लाकूड आणायचा. रंगकाम सुनेकडे. आणि सुनेच्या कडेवर चिमी. तिला नुकते दात येत होते आणि ती भिंत धरून उभी राहायला लागली होती.

लाखेचं काम सुनेला आवडायचं. लेथवर लाकूड गरगर फिरत असताना रंगीत लाखेची कांडी त्यावर दाबून धरायची. घासून घासून ऊब धरली की लाख वितळते आणि लाकडाच्या अंगात मुरते. वरून फडक्यानं घोटलं की अशी चमक येते, की त्यात आपलं नाक दिसावं. पोरांनी चोखलं, चावलं, आपटलं तरी काळजी नाही. आबांच्या वडिलांनी तेच केलं, आबांनीही जन्मभर तेच केलं. रंगाबद्दल वेगळा विचार करायची वेळ त्या घरावर कधी आलीच नव्हती.

मुलानं एका बाजारात बिनरंगी माल मांडून पाहिला. जेवढा नेला तेवढाच परत आणला.

"एक बाई विचारत होती," तो टोपल्या उतरवत म्हणाला, "चुलीत घालायला देताय का म्हणून."

दुसऱ्या दिवशी आबा स्वतः शहरात गेले. रंगाच्या दुकानात दुकानदारानं पेचकसानं एका डब्याचं झाकण उचकटलं. आत पिकल्या लिंबासारखा पिवळा रंग होता, जाड, सायीसारखा.

"गेटला मारा, ट्रॅक्टरला मारा," दुकानदार म्हणाला, "ऊन-पाऊस काही लागत नाही. अर्ध्या दिवसात वाळतो. आणि भाव तुम्हाला परवडेल असाच."

"लाकडाच्या खेळण्यांवर बसेल?"

"बाबा, हा दगडावरसुद्धा बसेल."

आबांनी पिवळा घेतला, लाल घेतला. घरी येऊन सुनेपुढे डबे ठेवले. पहिल्या दिवशी वासानं तिचं डोकं भणभणलं. पण रंगवलेले भोवरे तारेवर ओळीनं वाळत टांगले आणि त्यांच्यावर ऊन पडलं, तेव्हा ती कमरेवर हात ठेवून बघतच राहिली. लाखेला असा पिवळा कधी आला नव्हता. पहिला हात वाळला की पॉलिशपेपरनं घासायचं, मग दुसरा हात. घासताना पिवळी पूड उडायची, तिच्या भुवयांवर बसायची. नवरा हसून म्हणायचा, "हळदीच्या पोत्यात पडलीस काय?"

पुढच्या बाजारात टोपली मांडायचा अवकाश, माल संपला. त्याच्या पुढच्याही बाजारात तसंच झालं. बालवाडीच्या बाईंनी मुलांसाठी पेटीभर खेळणी नेली. लोक घरी येऊन पांगुळगाडे सांगून जाऊ लागले. आबांच्या पाठीचा ताठा परत आला. जेवताना ते गोष्टी सांगू लागले, त्याही जुन्याच, पण सून पहिल्यांदा ऐकल्यासारखी ऐकायची.

चिमीचा पांगुळगाडा आबांनी फुरसतीनं केला. तीन चाकं, धरायला गोल दांडी, दांडीला अशी घोटाई दिलेली की कुठे लाकडाची कूस बोटात जायला नको. रंग अर्थात पिवळा. चिमी दोन्ही हातांनी दांडी धरायची, चार पावलं टाकायची, थांबायची आणि हिरड्या शिवशिवत असल्या की दांडीलाच तोंड लावून कुरतडत बसायची.

"बघ," आबा म्हणायचे, "आजोबाच्या हातचं गोड लागतंय तिला."

हवा पालटली आणि चिमी किरकिर करू लागली. आधी वाटलं, दातांमुळे. मग तिचं पोट धरलं. शी होईना, झाली तर रडून रडून. भात पुढे केला तर मान फिरवायची. पांगुळगाडा तिच्यापुढे ठेवला तर धरायची, पण चालायची नाही, नुसती दांडीवर गाल टेकून बसायची. गावातल्या कंपाउंडरनं जंताचं औषध दिलं. शेजारीण म्हणाली, अंगावरचं दूध तोडलं असशील. सुनेनं सगळं करून पाहिलं. एके सकाळी तिनं चिमीला उजेडात धरलं, डोळ्याची खालची पापणी ओढून बघितली. आत कागदासारखं पांढरं होतं. तिनं नवऱ्याला सांगितलं, "आज बाजार राहू द्या. शहरात जायचं."

सरकारी दवाखान्यात बाकांवर माणसं दाटीवाटीनं बसली होती. डॉक्टरीणबाई वयानं लहान होत्या, चपलेचा अंगठा तुटला म्हणून एक पाय फरफटत चालत होत्या. त्यांनी चिमीचं पोट दाबलं, हिरड्या पाहिल्या.

"तोंडात काय काय घालते?"

"सगळंच घालते," सून म्हणाली. "या वयाचं पोर काय सोडतंय?"

"घरी काम काय तुमचं?"

"लाकडाची खेळणी करतो."

डॉक्टरीणबाई लिहिता लिहिता थांबल्या. "रंगवता कशानं?"

सुनेनं उत्तर द्यायच्या आधी हात पुढे केला. नखांच्या कडेनं पिवळी रेघ होती. घासूनही न निघणारी.

त्यांनी चिमीचं रक्त काढून मोठ्या दवाखान्यात पाठवलं. निकाल आला त्या दिवशी दोघांना आत बोलावून दार लोटून घेतलं.

"रक्तात शिसं आहे."

"शिसं?" नवरा म्हणाला. "मासे धरायच्या जाळ्याला लावतात ते?"

"तेच. काही रंगांत ते घालतात, रंग गडद होतो, टिकतो. लोखंडी गेटाचं त्यानं काही बिघडत नाही. पण लहान मुलाच्या पोटात गेलं की रक्तात उतरतं, हाडांत बसतं, डोक्यावर परिणाम करतं. आणि चव गोडसर असते, म्हणून मुलं चाटत राहतात."

सून चिमीच्या पाठीवर थोपटत होती. तिचा हात थांबला.

"औषध द्या ना," ती म्हणाली.

"फार चढलं तर औषध असतं, ते मुलाला इथे ठेवून द्यावं लागतं. हिचं तेवढं नाही. हिला त्या रंगापासून तोडणं, हेच पहिलं औषध. घासलेल्या रंगाची धूळ घरात असेल. ती झाडू नका, उडते. ओल्या फडक्यानं पुसून काढा. हात धुतल्याशिवाय भरवू नका. दूध, अंडी, पालेभाजी, पोट उपाशी ठेवू नका. महिन्याभरानं परत या."

"पूर्ण बरी होईल?"

"वेळेवर आलात," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. "बरंचसं भरून येईल असं मला वाटतं. पण छातीवर हात ठेवून सांगता येणार नाही."

आबा लेथवर होते. मुलानं मोटर बंद केली आणि जे ऐकलं ते जसंच्या तसं सांगितलं. आबा पटाशी हातात धरून ऐकत होते.

"रंगानं कुठे आजारी पडतंय माणूस?" ते म्हणाले. "माझे हात बघ. जन्म गेला यात."

"तो लाखेत गेला, आबा," सून म्हणाली. "हे डबे यंदाच आलेत."

आबांनी पटाशी ठेवली. बाहेर जाऊन पांगुळगाडा उचलून आणला, खिडकीपाशी नेऊन दांडी डोळ्यांजवळ धरली. मधोमध, जिथे चिमीचं तोंड पोचायचं तिथे, रंग उडून खालचं पांढरं लाकूड दिसत होतं. दातांच्या बारीक बारीक खुणा होत्या. त्यांनी त्यावरून अंगठा फिरवला. पुन्हा फिरवला. मग तो गाडा हातात घेऊन ते तसेच खाली बसले आणि संध्याकाळ होईपर्यंत उठले नाहीत.

सुनेनं कार्यशाळा आणि घर ओल्या फडक्यांनी पुसायला घेतलं. भिंती, कोनाडे, दाराच्या फटी, चिमीच्या पाळण्याची दोरी. पाणी पिवळं व्हायचं, ती बदलायची. तिचे गुडघे सोलले. जिथे पुसायला घ्यावं तिथे पूड आहेच.

दुसऱ्या दिवशी आबा उरलेले डबे घेऊन दुकानात गेले. दुकानात गिऱ्हाईक होतं. दुकानदारानं ऐकून घेतलं आणि हसला, वाईट हेतूनं नाही, हसायची सवय होती म्हणून.

"बाबा, मी काय म्हणालो होतो? गेटला मारा, ट्रॅक्टरला मारा. पोरांना चाटायला द्या असं म्हणालो होतो का?"

"खेळण्यांना लावायचा, हे तुला माहीत होतं."

"तुम्ही कारागीर. रंग कशाला कोणता, हे मी तुम्हाला शिकवायचं?"

गिऱ्हाईकही हसलं. आबांनी डबे काउंटरवर ठेवले आणि बाहेर पडले. दुकानदारानं मागून हाक मारली, फोडलेले डबे परत घेत नाही म्हणून. आबांनी वळून पाहिलं नाही. एसटीच्या थांब्यापर्यंत गेले, उभे राहिले आणि मग परत येऊन डबे उचलले. इथे ठेवले तर तो उद्या दुसऱ्या कुणाला विकेल, एवढंच त्यांच्या मनात आलं.

घरी मुलगा वाट बघत होता.

"झालं ते झालं," तो म्हणाला. "रंग बंद. लाख मिळेपर्यंत मी मजुरीला जातो. पण हे गावभर सांगायची गरज नाही, आबा. आपल्या हातचं खेळणं कुणी पुन्हा दारात उभं करणार नाही."

"आणि जी दारात गेलीत ती?" सून म्हणाली.

"सगळीच पोरं काय चावत बसत नाहीत."

"आपली बसली."

नवरा चिडला नाही. तो पायाच्या बोटानं जमीन टोकरत राहिला. "तू एकदा बाजारात उभी राहून बघ," तो म्हणाला. "लोक कसे बोलतात ते बघ, मग सांग."

म्हणून ती बाजाराला गेली. विकायला काही नव्हतंच, नुसती जागा धरून ठेवायला नवरा बसला होता. ती चिमीला शेजारणीकडे ठेवून आली होती. तासाभरानं कांद्यांच्या ढिगाऱ्याशी तिला एक बाई दिसली. कडेवरचं पोर पिवळा खुळखुळा तोंडात कोंबून बसलं होतं, लाळेनं तो चकाकत होता. सून पुढे गेली.

"ताई, तो खुळखुळा देता का मला? आमच्याकडचाच आहे."

बाईनं पोर दुसऱ्या कडेवर घेतलं. "का? विकत घेतलाय, फुकट नाही नेला."

"तसं नाही. रंग चांगला नाही त्याचा. बाधतो."

"मग विकला कशाला?"

आजूबाजूचे दोघेतिघे थांबले. बाईनं खुळखुळा पोराच्या तोंडातून ओढला, पोरानं टाहो फोडला. तिनं तो सुनेच्या अंगावर टाकल्यासारखा दिला आणि कांदेवाल्याकडे वळून म्हणाली, "विकून खायचं आणि वर बाधतो म्हणून सांगत फिरायचं. बरी तऱ्हा आहे."

सून परत आली तेव्हा तिचे कान लाल झाले होते. नवऱ्यानं सगळं पाहिलं होतं. घरी जाताना टोपलीतला तो एक खुळखुळा त्यानं फडक्यात गुंडाळला आणि टोपली तिला उचलू दिली नाही.

दुसऱ्या दिवसापासून आबांनी लेथ सुरू केली. ते बिनरंगी खेळणी कातू लागले, एकामागून एक, पूर्वीपेक्षा बारकाईनं घोटलेली. सून विचारायची, कुणासाठी? ते म्हणायचे, बघू. पोतं भरलं तसं ते खांद्यावर टाकून निघाले. सून त्यांच्या मागोमाग गेली. ती येते आहे हे त्यांना माहीत होतं, तरी वेशीपर्यंत त्यांनी मागे पाहिलं नाही.

घरोघर जाऊन ते एकच गोष्ट सांगायचे. "माझ्याकडचं पिवळं-लाल खेळणं असेल तर द्या. रंगात विष आहे. माझी नात त्यानं आजारी आहे. हे साधं घ्या."

काही जणांनी लगेच दिलं, वर पाणी विचारलं. एका घरातला म्हातारा म्हणाला, "कातारीबाबाचं डोकं फिरलंय, सोन्यासारखा भोवरा देऊन हे ढेकूळ घेऊ होय?" आणि दिला नाहीच. त्याच्या सुनेनं परसदारी येऊन गुपचूप आणून दिला. एका गल्लीत पोरं मागे लागली, "विष आलं, विष आलं," म्हणत. आबा थांबले, पोतं खाली ठेवलं आणि त्या पोरांनाच विचारलं, "कुणाकुणाच्या घरी आहे? दाखवा बघू." पोरांना काम मिळालं. त्या गल्लीतलं एकही घर राहिलं नाही.

बालवाडीत बाईंनी पेटी पुढे सरकवली, पण मुलं बसली पेटीवर. आबा जमिनीवर मांडी घालून बसले आणि प्रत्येकाशी वेगळा सौदा केला. एकीला घोड्याच्या बदल्यात घोडा नको होता, बदक हवं होतं. आबांनी खिशातून चाकू काढून तिथेच घोड्याला चोच केली. मुलगी म्हणाली, "याला पाय का चार?" आबा म्हणाले, "पळणारं बदक आहे." तिनं विचार करून पिवळा घोडा दिला. सुनेनं कितीतरी दिवसांनी आबांना हसताना पाहिलं.

वीटभट्टीच्या खोल्यांशी मात्र तसं झालं नाही. शेवटच्या खोलीच्या दारात एक बाई माती मळत होती. शेजारी तिचा मुलगा, चिमीपेक्षा जरा मोठा, पिवळ्या पांगुळगाड्याच्या दांडीला लटकून बसला होता. आबांनी सांगायचं ते सांगितलं. बाईनं मळणं थांबवलं.

"तुमच्या नातीला काय झालंय म्हणालात?"

सुनेनं सांगितलं. पोट, जेवण, मलूल होणं.

बाई ऐकत गेली तसा तिचा चेहरा वाळल्या मातीसारखा झाला. "हा दोन शब्द बोलायचा," ती मुलाकडे बघत म्हणाली. "बोलायचा बंद झालाय. मी म्हटलं, भट्टीच्या धुरानं असेल. नवऱ्यानं मला शिव्या घातल्या, पोराकडे लक्ष देत नाहीस म्हणून."

आबांनी पोत्यातून नवा गाडा काढून दारात ठेवला.

बाईनं मुलाला दांडीवरून सोडवलं. पिवळा गाडा उचलला आणि आत जाऊन फळीवर, हात पोचणार नाही असा ठेवला.

"हा मी देणार नाही," ती बाहेर येऊन म्हणाली. "राहू दे माझ्याकडे. कोण विचारेल त्याला दाखवीन, कुणी केला ते. आणि तुमचं हे लाकूडही घेऊन जा."

आबांनी नवा गाडा परत पोत्यात घातला. हात जोडायला वर केले, पण मधेच खाली आणले. परतीच्या वाटेवर ते दोनदा रस्त्याच्या कडेला बसले. सुनेनं पोतं घ्यायला हात पुढे केला, त्यांनी दिलं नाही.

जमा झालेल्या खेळण्यांचा परसात ढीग झाला. आबांना तो पेटवून द्यायचा होता. काडेपेटी हातात घेऊन ते उभे होते, तेव्हा सून धावत आली. "धूर होईल, आबा. तोच धूर आपली आणि शेजारची पोरं घेतील." शेवटी मुलानं सगळी खेळणी आणि डबे पत्र्याच्या पिंपांत भरले, झाकणं घट्ट बसवली आणि डॉक्टरीणबाईंनी सांगितल्या ठिकाणी, शहराबाहेर कारखान्यांचा घातक कचरा घेतात तिथे, नेऊन दिली. स्वतःच्या हातचं काम असं पिंपात भरून जाताना बघायला आबा बाहेर आले नाहीत.

चिमीचं रक्त पुन्हा तपासलं. शिसं उतरलं होतं. फार नाही, पण उतरलं होतं. ती जेवत होती. भिंत सोडून तीन पावलं टाकायची आणि धपकन बसून आजूबाजूला बघायची, कुणी पाहिलं का म्हणून. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, असंच चालू ठेवा. मुलगा आणि सून उठायला लागली. या खेपेला आबाही बरोबर आले होते. ते उठले नाहीत.

"बाकीच्या पोरांचं काय?" त्यांनी विचारलं.

"आणा त्यांना. तपासते."

"माझ्या सांगण्यावरून येतील का ती?"

"ते मला कसं सांगता येईल, बाबा?" डॉक्टरीणबाई म्हणाल्या. "पण खेळणी कुणाकडे गेलीत ते तुमच्याशिवाय कुणाला माहीत आहे?"

म्हणून आबा पुन्हा निघाले, त्याच दारांवर, या वेळी खांद्यावर काही नव्हतं. मुलानं ओळखीच्या एकाचा टेम्पो मागून घेतला. मजुरीचे दिवस बुडवून तो स्वतः चालवणार होता. सून दारोदार त्याच बायकांना भेटली. कुणी हो म्हणालं, कुणी बघू म्हणालं. वीटभट्टीच्या शेवटच्या खोलीला कुलूप होतं. आबांनी शेजारच्या खोलीत दिवस आणि वेळ सांगून ठेवली.

त्या सकाळी टेम्पो रस्त्याच्या फाट्यावर उभा होता. बायका पोरांना घेऊन आल्या, मागच्या हौद्यात गोणपाटावर दाटून बसल्या. आबांशी कुणी बोलत नव्हतं. बाजारातली ती खुळखुळ्यावाली बाईही आली होती, ती मुद्दाम पाठ करून बसली. सून चिमीला घेऊन पुढे, नवऱ्याशेजारी होती. आबा मागच्या फळीपाशी खाली उभे होते. आता किती थांबायचं, असं मुलानं आतून विचारलं. आबा म्हणाले, थोडं.

भट्टीकडच्या वाटेनं धूळ उडाली. बाई भरभर येत होती. मुलगा कडेवर, दुसऱ्या हातात पाण्याची बाटली आणि कपड्यांचं गाठोडं. पायाला अजून ओली माती होती. टेम्पोपाशी येऊन ती थांबली. फळी उंच होती, दोन्ही हात अडकलेले होते. वर बसलेल्या बायका आपापल्या पोरांत गुंतल्या होत्या. तिनं आबांकडे पाहिलं.

मग तिनं मुलगा त्यांच्यापुढे केला.

"धरा," ती म्हणाली.

आबांनी त्याला घेतलं. पोर अंगानं हलकं होतं, त्याच्या मानेचा घाम आबांच्या मनगटाला लागला. बाई गाठोडं वर टाकून फळीला धरून चढली, कोपऱ्यात जागा करून बसली, ओणवी होऊन पायावरची माती खरवडू लागली. आबा मुलाला तिच्याकडे द्यायला पुढे झाले.

"राहू द्या जरा," ती मान वर न करता म्हणाली. "तुम्ही बसा आधी वर. गाडी निघू दे."